चॉकलेट सॉस घरी करताय? कोको-पाण्याचा की चॉकलेट-क्रीमचा?

गेल्या आठवड्यात भाचीचा फोन आला. "मावशी, आइस्क्रीमवर ओतायला चॉकलेट सॉस घरीच करायचाय. घरात दोघंच आहोत, त्यामुळे थोडासाच हवा. कोको पावडरचा करू, चॉकलेट वितळवून क्रीममधला करू, की सरळ बाटली आणू?" मी तिला उलट विचारलं, "ओतणार कशावर?" तिला वाटलं मी विषय बदलतेय. पण माझ्या मते सगळा निर्णय याच प्रश्नावर ठरतो. फोनवर धड सांगता आलं नाही, म्हणून सविस्तर लिहिते.

दोन्ही सॉसमधला खरा फरक चवीच्याही आधी स्निग्धांशाचा आहे. चॉकलेटमध्ये कोको बटर असतं. ते साधारण ३४ अंशांना वितळतं, म्हणून चॉकलेट तोंडात विरघळतं. आणि त्याच कारणाने गारव्यात गेलं की घट्ट होतं. कोको पावडर म्हणजे हे बटर बरंचसं दाबून काढल्यावर उरलेल्या पेंडीची पूड. हॉलंडच्या व्हॅन हौटेन घराण्याने १८२८ साली त्या दाबयंत्राचं पेटंट घेतलं. आपल्या डब्यात येणारी पूड आजही त्याच तत्त्वावर निघते. बटर कमी, म्हणून पावडर साखरपाण्यात शिजवलेला सॉस फ्रीजमधून काढला तरी ओततो आणि आइस्क्रीमवर पडल्यावरही वाहता राहतो. क्रीमचा सॉस गरम असताना मखमली असतो, पण आइस्क्रीमला टेकताच खाली चिवट, दाट थर धरतो. तो थर आवडणारे लोक आहेत, आमच्याच घरात दोन आहेत. तरी ते माहीत असून निवडणं वेगळं आणि वाटीत अचानक समोर येणं वेगळं.

आधी कोको-पाण्याचा सॉस. माझा कौल रोजच्या वापरासाठी यालाच आहे.

एका लहान बरणीपुरतं प्रमाण असं: पाणी १२० मिली, साखर १०० ग्रॅम, कोको पावडर ४० ग्रॅम, चिमूटभर मीठ, शेवटी चमचाभर बटर आणि अर्धा चमचा व्हॅनिला. याचा २०० मिलीच्या आसपास सॉस होतो. दोघांना आठवडाभर पुरून उरतो. पातेलं जाड बुडाचं आणि लहानच घ्या. मोठ्या पातेल्यात एवढं पाणी तळाशी पसरतं, भराभर आटतं आणि कडेला करपतं. मी तुळशीबागेतून आणलेलं दीड वाटीचं स्टीलचं पातेलं याच कामाला ठेवलं आहे.

कोको पावडर पाण्यात पटकन मिसळत नाही, वर तरंगते आणि गुठळ्या धरते. म्हणून ती चाळून आधी कोरड्या साखरेत मिसळायची, मग थोडंसं गरम पाणी घालून पिठल्याच्या पिठासारखी पेस्ट करायची आणि उरलेलं पाणी हळूहळू ओतायचं. एवढं केलं की गुठळीचा प्रश्न मिटला. उकळी आली की आच मंद करून दोन-तीन मिनिटं ढवळत राहायचं. हे शिजवणं टाळू नका. कोकोत स्टार्च असतो, तो शिजल्यावरच सॉसला अंग येतं आणि पावडरीचा कच्चा वास जातो.

थांबायचं कधी, यात बहुतेकांची चूक होते. गरम असताना हा सॉस कढीइतका पातळ दिसतो, आणि मग "अजून थोडा आटवू" असं वाटतं. आटवू नका. गार झाल्यावर तो मधासारखा होतो. गुलाबजामाचा पाक करणाऱ्यांना सांगायचं तर एकतारीच्या बरंच अलीकडे थांबायचं. त्यापुढे गेलात तर फ्रीजमध्ये साखर पुन्हा खडा धरते आणि सॉस दाताखाली करकरतो. तसा झालाच तर दोन चमचे पाणी घालून पुन्हा गरम करा, सुधारतो.

पावडर घेताना डबा उलटा करून घटकांची यादी वाचा. ड्रिंकिंग चॉकलेट आणि कोको पावडर दुकानात शेजारी-शेजारी असतात, डबेही सारखेच दिसतात. पण ड्रिंकिंग चॉकलेटमध्ये साखर भरपूर असते, त्याचा सॉस नुसता गोड आणि फिका होतो. आपल्या पुण्याच्याच वेकफिल्डच्या दोन्ही वस्तू मिळतात, तेव्हा नाव नीट पाहा. यादीत आम्लता नियंत्रक म्हणून ५०० किंवा ५०१ हे आकडे असतील तर पावडर अल्कली (क्षार) लावलेली आहे: रंग गडद, चव मवाळ. आकडे नसतील तर ती बहुधा नैसर्गिक, जराशी आंबटसर आणि फळांच्या वासाची. सॉसला दोन्ही चालतात. मला आइस्क्रीमसाठी पहिली आवडते, स्ट्रॉबेरीबरोबर दुसरी. महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी पुण्यात मुबलक असते त्या दिवसांत हा आंबटपणा फार छान जुळतो.

याच सॉसची चॉकलेट मस्तानी करून पाहा. गार दुधात तो लगेच विरघळतो आणि ग्लासच्या आतून धारा सोडल्या तर त्या टिकतात. क्रीमचा सॉस गार दुधात टाकला की त्याचे बारीक कण होऊन वर तरंगतात, कितीही घुसळा. आणि बटर वगळलं तर यात दुधाचा थेंबही नसतो. दूध न सोसणारं कुणी घरात असेल तर तुलना इथेच संपते.

आता चॉकलेट-क्रीमचा. हा पाहुण्यांच्या दिवशीचा सॉस. चव निर्विवाद जास्त भरदार असते. गरम ब्राउनीवर, केकवर किंवा केळ्याच्या कापांवर ओतायचा असेल तर कोको-पाण्याचा त्याच्याजवळही जात नाही. प्रमाण सोपं: १०० ग्रॅम डार्क चॉकलेट, १०० मिली क्रीम, दोन-तीन चमचे दूध. क्रीम आणि दूध कडेला बुडबुडे येईपर्यंत गरम करायचं, उकळायचं नाही. ते बारीक चिरलेल्या चॉकलेटवर ओतून दोन मिनिटं हात लावायचा नाही, मग मधोमध लहान गोल फिरवत एकजीव करायचं.

इथे चॉकलेट कोणतं हे फार महत्त्वाचं. रविवार पेठेत बेकिंगचं सामान घ्यायला गेलात तर दुकानदार बहुतेकदा कंपाउंडची लादी पुढे करेल. स्वस्त असते, टिकते, साच्यातल्या चॉकलेटांना उत्तम. पण तिच्यात कोको बटरऐवजी वनस्पती तेल असतं. सॉसमध्ये ते जिभेवर मेणासारखं रेंगाळतं. घटकांत कोको बटर लिहिलेलंच चॉकलेट घ्या. अमूलची ५५ टक्क्यांची साधी डार्क वडी या कामाला मला पुरेशी वाटते, महागड्या कुव्हर्चरची, म्हणजे जास्त कोको बटर असलेल्या बेकिंगच्या चॉकलेटची, गरज नाही.

क्रीम म्हणून २५ टक्के स्निग्धांशाचं डब्यातलं फ्रेश क्रीम चालतं. घरची साय वापरावी असं पुण्यातल्या कुठल्याही स्वयंपाकघरात मनात येणारच. मीही म्हशीच्या दुधाची जाड साय फेटून दोनदा केलंय. साय फिरवली की लोणी सुटू लागतं, आणि गाळून घेतली तरी सॉस रवाळ राहतो. साय तुपाला ठेवा.

या सॉससाठी चॉकलेट आधी नुसतंच वितळवायला घेतलं, तर त्याला पाण्याच्या एखाद्या थेंबाची भीती असते. मागच्या दिवाळीत भाऊबीजेला मी चॉकलेट वाफेवर वितळवत होते आणि चमचा ओला होता. बघता बघता सगळं घट्ट, कोरड्या गोळ्यासारखं झालं. गंमत अशी की थोडं पाणी चॉकलेट बिघडवतं आणि जास्त पाणी तेच सुधारतं. थोड्या ओलाव्याने साखरेचे कण एकमेकांना चिकटतात. भरपूर मिळाला की साखर विरघळते. मी गरम दूध चमचा-चमचा घालत गेले आणि सॉस परत आला, फक्त ठरवल्यापेक्षा दुप्पट झाला. वर तेल सुटलं तरी हाच उपाय: कोमट दूध आणि शांतपणे ढवळणं.

थोड्या प्रमाणाच्या दृष्टीने मात्र इथे खरी अडचण आहे. क्रीमचा डबा २५० मिलीचा, लागतं १००. उरलेलं तीन-चार दिवसांत संपवायला हवं, म्हणजे फ्रूट सॅलड किंवा पनीर माखनी आधीच ठरवून ठेवा. कोको पावडरचा डबा कोरडा ठेवला तर महिनोन्‌महिने राहतो, हवी तेव्हा ४० ग्रॅम काढली. खर्चातही तेच. पश्चिम आफ्रिकेत पीक घटल्याने २०२४ मध्ये कोकोचे जागतिक भाव विक्रमी चढले, त्यानंतर चॉकलेटच्या किमतीही वाढल्या. एका वेळी ४० ग्रॅम पावडर आणि १०० ग्रॅम चॉकलेट अधिक क्रीम, हा फरक महिन्याच्या हिशेबात दिसतो.

टिकण्याचंही सांगते. दोन्ही फ्रीजमध्येच ठेवायचे. कोको-पाण्याच्या सॉसमध्ये साखर भरपूर दिसते, पण बाहेर टिकण्याइतकी नसते, आणि पुण्याचा मे ओट्यावरच्या बरणीला दयामाया दाखवत नाही. कोरड्या चमच्याने काढलात तर कोकोचा दोन आठवडे, क्रीमचा पाच दिवस. क्रीमचा गारव्यात घट्ट होतो. बरणी कोमट पाण्यात दहा मिनिटं ठेवली की ओतता येतो.

कंडेन्स्ड मिल्कमध्ये कोको शिजवण्याचाही एक प्रकार आहे. मुलांना आवडतो, पण फार गोड होतो आणि गार झाल्यावर बर्फीकडे झुकतो. सॉस म्हणून मी तो करणार नाही. तयार बाटलीत बहुतेकदा पहिला घटक साखर असतो. रोज सकाळी दुधात घालायलाच हवा असेल आणि वेळ नसेल तर खुशाल आणा. फक्त गोडी आपल्या हातात राहत नाही.

भाचीला शेवटी मी कोकोचाच करायला सांगितला, कारण तिला व्हॅनिलावर आणि दुधात घालायचा होता. तिची सासरची मंडळी येणार आहेत त्या शनिवारी ती ब्राउनी करणार आहे, तेव्हा क्रीमचा. दोन्ही वेळा पातेलं लगेच धुऊ नका. त्यात कपभर दूध ओता, पळीने कडा सोडवा, एक उकळी आणा आणि जो कोणी ओट्याजवळ उभा असेल त्याला द्या.