सांगलीत पाहिलेली मूक ‘म्हैस’

१८४३ साली ‘सीता स्वयंवर’ हे मराठीतले पहिले मानले जाणारे नाटक रंगवणाऱ्या सांगलीत पु. ल. देशपांडे यांच्या विनोदी लेखनावरील मूक लघुपट तिकीट काढून पाहिले आणि पैसे वसूल झाले. ‘म्हैस’ या, एसटीची म्हशीला धडक बसल्यावर उडणाऱ्या गोंधळाच्या कथेतील खरी गंमत प्रवाशांच्या बोलण्याच्या लकबींत असल्यामुळे शब्दांवाचून ती उभी राहील का, अशी शंका होती, परंतु एसटीच्या खिडक्यांतून एकामागून एक बाहेर येणारी डोकी आणि तिकिटांची पेटी छातीशी धरून म्हशीभोवती घिरट्या घालणारा कंडक्टर यांनी प्रेक्षागृह हसते ठेवले. ‘अंतू बर्वा’ हे रत्नागिरीतल्या एका म्हाताऱ्याचे व्यक्तिचित्र मात्र फसले, कारण अंतूचा तिरकसपणा आणि त्याखालचे दुःख दोन्ही त्याच्या वाक्यांतच आहेत, आणि वारंवार येणाऱ्या मजकुराच्या पाट्यांनी चित्राची लय मोडली. पेटी-तबल्याची प्रत्यक्ष साथ उत्तम होती. मुलांना घेऊन जरूर जावे.