फाशी की जन्मठेप: निकालच चुकला असेल तर?

ठाणे सत्र न्यायालयाने फाशी दिली, तर ती थेट अमलात येत नाही. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 407 नुसार प्रकरण मुंबई उच्च न्यायालयाकडे जातंच, आरोपीने अपील करो वा न करो. दोन न्यायाधीश सगळा पुरावा नव्याने तपासतात. अपिलाची मुदत 30 दिवस.

जन्मठेपेत हे आपोआप होत नाही. 60 दिवसांत अपील स्वतः करावं लागतं, आणि ते वर्षानुवर्षं पडून राहू शकतं. घरच्यांनी निकालाची मोफत प्रत त्याच दिवशी मागावी. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरण गाठावं, किंवा 15100 वर फोन करावा.

चुका दोन्हीकडे त्याच: उशिरा झालेली ओळख परेड, पोलिसांचे ठरलेले पंच (पंचनाम्याचे साक्षीदार), मुद्देमालाचं म्हणजे जप्त वस्तूंचं नीट न केलेलं सील. पंचनाम्यात लाखेच्या सीलचा उल्लेख नसेल आणि मुद्देमालाचं पाकीट प्रयोगशाळेत कित्येक दिवसांनी पोहोचलं असेल, तर मधल्या काळात ते कोणाच्या ताब्यात होतं हे मालखान्याच्या (पोलिस ठाण्यातल्या जप्त वस्तूंच्या खोलीच्या) नोंदवहीत शोधावं. बचावाचे वकील नेमकं हेच अनेकदा विचारत नाहीत.

छाननी फाशीत जास्त, हे खरंच. पण तीही पुरत नाही. महाराष्ट्रातल्याच एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये सहा जणांना फाशी ठरवली आणि 2019 मध्ये त्याच न्यायालयाने सहाही जणांना निर्दोष सोडलं. प्रत्येकी 5 लाख भरपाई मिळाली, कारण ते जिवंत होते. म्हणून आमचं मत जन्मठेपेच्या बाजूने. फक्त तिलाही फाशीसारखी सक्तीची फेरतपासणी हवी.