हेपॅरिनची ड्रिप की पोटातलं इंजेक्शन? लहान हॉस्पिटलसाठी एक तुलना

मांडीच्या शिरेत गुठळी झालेला पेशंट तीस-चाळीस खाटांच्या हॉस्पिटलात दाखल झाला, की पहिल्या तासाभरात ठरवावं लागतं: शिरेतून साधं हेपॅरिन सुरू करायचं, की पोटाच्या त्वचेखाली एनॉक्झापॅरिन द्यायचं? दोन्ही औषधं डुकराच्या आतड्याच्या अस्तरापासून बनतात, दोन्ही अँटीथ्रॉम्बिन या रक्तातल्या गुठळीविरोधी प्रथिनाच्या मदतीने काम करतात आणि दोन्ही गुठळी वाढू देत नाहीत. पण चुकलं तर दोघांची चुकण्याची तऱ्हा अगदी वेगळी. बरीच वर्षं आयसीयूत काढल्यावर माझं मत असं झालंय, की यातलं कोणतं औषध भारी, हा प्रश्न दुय्यम आहे. रात्री दोन वाजता तुमच्या वॉर्डात कोणती तपासणी होते आणि तिचा रिपोर्ट कोण बघतं, यावर निवड ठरवावी.

फरकाचं मूळ रेणूंच्या आकारात आहे. साध्या हेपॅरिनच्या एकाच व्हायलमध्ये, म्हणजे औषधाच्या छोट्या बाटलीत, ३,००० ते ३०,००० डाल्टनचे (डाल्टन हे रेणूच्या वजनाचं एकक) लहान-मोठे रेणू मिसळलेले असतात. त्यातले मोठे रेणू रक्तातल्या प्रथिनांना आणि पेशींना चिकटतात, आणि ही प्रथिनं आजारपणात कमीजास्त होत राहतात. त्यामुळे सारख्याच वजनाच्या दोघांना तोच डोस दिला तरी एकाचं रक्त हवं तेवढं पातळ होतं आणि दुसऱ्याचं होत नाही. एनॉक्झापॅरिनचे रेणू तोडून लहान केलेले असतात, सरासरी ४,५०० डाल्टनच्या आसपास. ते फारसे चिकटत नाहीत, म्हणून वजनावरून डोस काढला की बहुतेक पेशंटमध्ये परिणाम अंदाजाप्रमाणे येतो. ड्रिपला दर काही तासांनी तपासणी लागते आणि इंजेक्शनला सहसा लागत नाही, ते यामुळेच.

आधी ड्रिप, कारण जास्त काळजी तिथेच घ्यावी लागते.

शिरेतल्या किंवा फुफ्फुसातल्या गुठळीसाठी सुरुवातीचा डोस किलोमागे ८० युनिट एकदम, आणि मग किलोमागे तासाला १८ युनिट. ६० किलोच्या माणसाला म्हणजे ४,८०० युनिटचा बोलस (एकदम दिलेला डोस) आणि तासाला १,०८० युनिट. हार्ट अटॅकमध्ये डोस कमी: किलोमागे ६० युनिट, पण ४,००० च्या वर नाही, मग तासाला किलोमागे १२, आणि १,००० च्या वर नाही. हे दोन डोस एकमेकांत मिसळणं ही नेहमीची चूक आहे. म्हणून ऑर्डरमध्ये डोससोबत 'कशासाठी' हेही लिहावं.

वजनावरून डोस काढण्याची ही पद्धत १९९३ च्या एका अभ्यासातून रुळली. ठरावीक डोसाच्या जुन्या पद्धतीत पहिल्या २४ तासांत ७७ टक्के पेशंटमध्ये रक्त पुरेसं पातळ झालं होतं. वजनाच्या पद्धतीत ते ९७ टक्क्यांमध्ये झालं. तरीही 'पाच हजार बोलस, तासाला हजार' ही सरधोपट ऑर्डर आजही दिसते. ४२ किलोच्या आजींना आणि ९५ किलोच्या ड्रायव्हरला एकच डोस कसा चालेल? आणि वजन काट्यावर घ्या. 'साधारण साठ असेल' हा अंदाज इथे चालत नाही.

आता व्हायलकडे या. आपल्याकडे ५ मिलीची हेपॅरिनची व्हायल दोन ताकदींत मिळते: एका मिलीत १,००० युनिट, म्हणजे अख्ख्या व्हायलमध्ये ५,०००, आणि एका मिलीत ५,०००, म्हणजे अख्खीत २५,०००. आकार तोच, पातळ पाणी तसंच. वरच्या पेशंटला ४,८०० युनिटसाठी पहिल्या व्हायलमधून ४.८ मिली काढायचं. हात चुकून दुसऱ्या व्हायलवर गेला, तर तेवढ्याच ४.८ मिलीत २४,००० युनिट जातात. उलट चूकही होते. पंपासाठी २५,००० ची व्हायल ४५ मिली सलाइनमध्ये घातली की एका मिलीत ५०० युनिट होतात आणि पंप तासाला साधारण २.२ मिलीवर लागतो. तिथे ५,००० ची व्हायल पडली, तर पेशंटला रात्रभर पाचव्या हिश्शाचाच डोस मिळतो आणि सकाळी सगळे विचारत बसतात की एपीटीटी (रक्त गोठायला किती सेकंद लागतात ते सांगणारी तपासणी) का वाढला नाही. २००७ साली अमेरिकेत अभिनेते डेनिस क्वेड यांच्या नवजात जुळ्यांना एका मिलीत १० युनिटऐवजी १०,००० युनिटचं हेपॅरिन दिलं गेलं होतं. मुलं वाचली, पण कारण हेच होतं, सारख्या दिसणाऱ्या व्हायल. माझा आग्रह असा: वॉर्डात एकच ताकद ठेवा, दुसरी फार्मसीत कुलपात. बोलस भरताना दुसऱ्या सिस्टरने व्हायल हातात घेऊन मोठ्याने वाचावी. आणि ऑर्डरमध्ये 'युनिट' हा शब्द पूर्ण लिहावा. इंग्रजी 'यू' घाईत शून्यासारखा दिसतो आणि डोस दसपट होतो.

मग एपीटीटी. ड्रिप सुरू केल्यावर सहा तासांनी पहिला, दर बदलला की पुन्हा सहा तासांनी, आणि दोन रिपोर्ट सलग हव्या त्या पट्ट्यात आले की दिवसातून एकदा. हवा तो पट्टा साधारण नॉर्मलच्या दीड ते अडीच पट. पण सेकंदांचे आकडे लॅबच्या रीएजंटप्रमाणे, म्हणजे तपासणीच्या रसायनाप्रमाणे, बदलतात. १९९३ च्या त्या तक्त्यात ४६ ते ७० सेकंदांना दर तसाच ठेवायचा, ३५ च्या खाली गेला तर पुन्हा किलोमागे ८० युनिटचा बोलस देऊन दर किलोमागे तासाला ४ युनिटने वाढवायचा, ९० च्या वर गेला तर तासभर बंद करून दर तसाच ३ युनिटने कमी करायचा, असं लिहिलं आहे. तो तक्ता जसाच्या तसा भिंतीवर चिकटवू नका. तुमच्या लॅबला आधी विचारा, की तुमच्या रीएजंटवर अँटी-टेनए (हेपॅरिनचा परिणाम थेट मोजणारी तपासणी) ०.३ ते ०.७ म्हणजे किती सेकंद. लॅबला सांगता आलं नाही, तर तोच तुमचा पहिला धोका समजा.

सॅम्पलच्या चुका तर मी आठवड्याला बघतो. ज्या हातात ड्रिप चालू आहे त्याच हातातून रक्त घेतलं, रिपोर्ट २०० च्या वर आला, ड्रिप बंद केली, आणि गुठळी वाढली. निळ्या झाकणाची ट्यूब अर्धीच भरली, तिच्यातलं रक्त गोठू न देणारं सायट्रेट रक्ताच्या मानाने जास्त झालं, एपीटीटी खोटाच लांबला. ट्यूब दोन तास काउंटरवर पडून राहिली, प्लेटलेटमधून निघालेल्या प्रथिनाने हेपॅरिन निष्प्रभ केलं, आणि रिपोर्ट खोटाच कमी आला. सॅम्पल तासाभरात सेंट्रिफ्यूज व्हायला हवं. तुमचं लॅब बाहेरचं असेल आणि मुलगा संध्याकाळी सातला शेवटची फेरी मारत असेल, तर खरं सांगतो, ड्रिप हा तुमच्यासाठी पर्याय नाही.

आता पोटातलं इंजेक्शन. डोस किलोमागे १ मिलिग्रॅम, दर १२ तासांनी. पंप नाही, सहा तासांची तपासणी नाही. सिरिंज भरूनच येते, त्यामुळे व्हायलचा गोंधळ नाही. साध्या गुठळीच्या स्थिर पेशंटसाठी मी हेच निवडतो, आणि कॅन्सरच्या किंवा गरोदर पेशंटमध्येही पहिली पसंती याला. पण 'पॉइंट सिक्स बीडी', म्हणजे ०.६ मिली (६० मिलिग्रॅम) दिवसातून दोनदा, ही सवय घातक आहे. सिरिंज ०.६ ची मिळते म्हणून सगळ्यांना ०.६ दिली जाते.

एनॉक्झापॅरिन मूत्रपिंडातून बाहेर पडतं आणि ते नीट पडलं नाही तर साचत जातं. उदाहरण घ्या: ७८ वर्षांच्या आजी, वजन ४५ किलो, क्रिएटिनिन १.२. रिपोर्टवर तो आकडा जवळपास नॉर्मल दिसतो, कुणी त्याखाली रेघही मारत नाही. किडनी मिनिटाला किती मिली रक्त गाळते, याचा कॉकक्रॉफ्ट-गॉल्टच्या सूत्राने हिशेब करा: १४० उणे ७८ म्हणजे ६२, गुणिले ४५, भागिले ७२ गुणिले १.२, आणि बाई म्हणून ०.८५ ने गुणा. उत्तर येतं सुमारे २७. ३० च्या खाली आलं की डोस किलोमागे १ मिलिग्रॅमच, पण दिवसातून एकदाच. म्हणजे आजींना दिवसाला ४५ मिलिग्रॅम. सवयीने ०.६ बीडी लिहिली तर १२० जातात, जवळपास पावणेतीनपट. दोन-तीन दिवसांनी पोटाच्या भिंतीत रक्त साचतं, हिमोग्लोबिन उतरतं आणि तोपर्यंत तपासणीत काहीच दिसलेलं नसतं, कारण एपीटीटीवर या औषधाचा परिणाम भरवशाने उमटत नाही. अँटी-टेनए बघायचंच असेल, तर तिसऱ्या-चौथ्या डोसानंतर चार तासांनी रक्त घ्यावं. १२ तासांच्या डोसावर ०.६ ते १.० अपेक्षित. पण ही तपासणी तालुक्याच्या ठिकाणी क्वचितच मिळते, म्हणून हिशेब आधीच नीट करणं हाच खरा उपाय.

रक्तस्राव झाला तर मात्र ड्रिपची बाजू भक्कम आहे. पंप बंद केला की साधारण चार तासांत परिणाम ओसरतो. घाई असेल तर प्रोटामिन, हेपॅरिनवरचा उतारा: १ मिलिग्रॅम सुमारे १०० युनिट निष्प्रभ करतं, गेल्या दोन-तीन तासांत गेलेलं हेपॅरिन धरायचं, एका वेळी ५० मिलिग्रॅमपेक्षा जास्त नाही, आणि दहा मिनिटं घेऊन हळूहळू, नाहीतर बीपी कोसळतं. एनॉक्झापॅरिनवर प्रोटामिन अर्धवटच चालतं, अँटी-टेनए परिणाम ६० टक्क्यांच्या आसपासच पुसला जातो. म्हणून दोन दिवसांत ऑपरेशन होण्याची शक्यता असेल, पोटात अल्सर असेल, किंवा फुफ्फुसातली गुठळी मोठी असून ती विरघळवण्याचं इंजेक्शन द्यावं लागेल असं वाटत असेल, तर मला ड्रिपच हवी. पाठीतून भूल देतानाही हाच हिशेब: पूर्ण डोसाच्या एनॉक्झापॅरिननंतर २४ तास थांबावं लागतं. ड्रिप बंद करून चार ते सहा तास थांबलं आणि एपीटीटी नॉर्मल दिसला की पुढे जाता येतं.

प्लेटलेटकडे दोन्हीत लक्ष हवं, साध्या हेपॅरिनमध्ये जास्त. पाचव्या ते दहाव्या दिवसात काउंट निम्म्याहून खाली गेला तर हेपॅरिनमुळेच नवीन गुठळ्या होत असू शकतात. पेशंटला गेल्या महिन्यात कुठे हेपॅरिन मिळालं असेल तर हा धोका पहिल्याच दिवशी येतो. मग सगळं हेपॅरिन बंद, लाइनचा फ्लशसुद्धा. एनॉक्झापॅरिन हा तेव्हा पर्याय नाही. सुरू करण्याआधी एक काउंट आणि चौथ्या दिवसापासून दर दोन-तीन दिवसांनी एक, एवढं तर कुठल्याही हॉस्पिटलात जमतं. पोटॅशियमही बघत जा. हेपॅरिन अल्डोस्टेरॉन हे पोटॅशियम बाहेर टाकायला लावणारं संप्रेरक दाबतं आणि किडनीच्या पेशंटमध्ये पोटॅशियम वाढतं.

एक तिसरा मार्ग आपल्याकडे विसरला जातो: साधं हेपॅरिनच, पण त्वचेखाली. २००६ च्या एका चाचणीत पहिला डोस किलोमागे ३३३ युनिट आणि मग दर १२ तासांनी किलोमागे २५० युनिट, एपीटीटी न बघता दिला गेला. गुठळी परतण्यात आणि रक्तस्रावात तो लहान रेणूंच्या हेपॅरिनच्या तोडीस तोड ठरला. किडनी बिघडलेली आहे, ड्रिप सांभाळता येत नाही, अशा पेशंटसाठी हा मार्ग वरिष्ठांशी बोलून जरूर विचारात घ्या. ६० किलोला पहिला डोस सुमारे २०,००० युनिट होतो, म्हणून व्हायलची ताकद इथे दोनदा वाचायची.

ज्याच्या किडनीने काम थांबवलंय, ज्याचं ऑपरेशन तोंडावर आहे, आणि तुमच्याकडे रात्री एपीटीटी होत नाही, तो पेशंट तुमच्याकडे ठेवायचा नाही. रक्तस्रावाचा धोका नसेल तर वरिष्ठांना विचारून पहिला बोलस द्या आणि ॲम्ब्युलन्स बोलवा. चिठ्ठीवर ठळक लिहा: काट्यावरचं वजन, कोणतं हेपॅरिन, किती युनिट, घड्याळातली वेळ, सुरुवातीचा एपीटीटी आणि प्लेटलेट. समोरच्या डॉक्टरला यातली वेळ मिळाली नाही, तर तो पुन्हा बोलस देईल.