सर्वांत कमी मार्क गाळून सरासरी: गुगल शीट्सचा माझा अनुभव

नागपुरात मानेवाडा रोडला माझी घरगुती ट्यूशन आहे. आठवी ते दहावी, फक्त गणित, तीन बॅच. दर सहामाहीत २५ मार्कांच्या सहा टेस्ट घेते. त्यातली सर्वांत कमी मार्कांची एक गाळते आणि उरलेल्या पाचांची सरासरी पालकांना कळवते. दहावीला बोर्ड २०१० पासून 'बेस्ट ऑफ फाइव्ह'नं, म्हणजे सर्वांत जास्त मार्कांच्या पाच विषयांवरून, टक्के काढतं, त्यामुळे ही कल्पना पालकांना नवी नाही. माझं म्हणणं एवढंच की एका वाईट दिवसाच्या पेपरावरून पोराची सहा महिन्यांची मेहनत मोजू नये.

आधी हे काम पैसे भरून घेतलेल्या एका ॲपवर करत होते. त्याचं नाव इथं घेत नाही. एका मुलाचे मार्क होते १९, २२, ७, २१, १८, २३. बेरीज ११०, सहांची साधी सरासरी १८.३३. ॲपमध्ये 'सर्वांत कमी गाळा' हे बटण दाबलं तर आकडा आला १७.१७. सात मार्कांची टेस्ट काढून टाकल्यावर सरासरी वाढायला हवी, इथं कमीच झाली. वहीत करून पाहिलं तेव्हा कळलं: ॲपनं बेरजेतून ७ वजा केले, पण १०३ ला भागलं सहानंच. एक टेस्ट गेली तर भाजकही एकानं कमी व्हायला हवा. १०३ भागिले ५ म्हणजे २०.६, हे त्या मुलाचे खरे मार्क. किती जणांना मी असे कमी आकडे कळवले असतील, या विचारानं त्या रात्री झोप लागली नाही.

तेव्हापासून सगळं गुगल शीट्सवर आहे. फुकट आहे, फोनवर उघडतं, नेट नसलं तरी ऑफलाइन ठेवलेल्या फाइलमध्ये मार्क भरता येतात. पण मला ते आवडलं ते हिशेब उघडा दिसतो म्हणून. चौकटीवर बोट ठेवलं की आकडा कसा आला ते पालकासमोर दाखवता येतं. सूत्र सोपं आहे: 'सम'मधून (SUM, बेरीज) 'मिन' (MIN, सर्वांत कमी आकडा) वजा करा, ही वजाबाकी कंसात ठेवा, आणि 'काउंट' (COUNT, किती आकडे आहेत) वजा एक, हेही कंसात ठेवून त्यानं भागा. दोन टेस्टमध्ये सारखेच कमी मार्क असले तरी 'मिन' एकदाच वजा होतो, म्हणजे एकच टेस्ट गळते. तेच हवं असतं.

गैरहजर पोरांच्या बाबतीत मात्र मी चुकले, आणि ही गोष्ट नीट सांगायला हवी. तान्ह्या पोळ्याला, म्हणजे पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, टेस्ट ठेवली होती. एक मुलगा काळ्या-पिवळ्या मारबतीच्या पुतळ्यांची मिरवणूक पाहायला महाल भागात गेला, पेपरला आलाच नाही. एक मुलगी तापात येऊन बसली, तिला ८ मिळाले. योगायोग असा की बाकी पाच टेस्टचे मार्क दोघांचे अगदी सारखे: २०, १८, १२, २१, १९. मुलाच्या चौकटीत मी 'गैर' असं लिहिलं.

मुलीची सरासरी आली १८. मुलाची १९.५.

तिची आई संध्याकाळी घरी आली. "मॅडम, माही पोरगी तापात पेपर द्याले आली, अन् जो आलाच नाही त्याले जास्त मार्क काहून?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. त्यांना बसवलं आणि दोघींनी मिळून चौकटी पाहिल्या. अक्षरात लिहिलेली नोंद शीट मोजतच नाही. 'काउंट'च्या लेखी त्या मुलानं पाचच टेस्ट दिल्या होत्या, म्हणून त्यातले १२ गळले आणि ७८ ला ४ नं भागलं गेलं. न दिलेली टेस्ट एकदा सुटली, वर दिलेल्यातली आणखी एक. त्याला दुहेरी सूट मिळाली होती. 'गैर'च्या जागी शून्य टाकलं तर शून्यच गळतं आणि ९० भागिले ५, म्हणजे त्याचेही १८ होतात.

आता माझा नियम पक्का आहे. गैरहजर म्हणजे शून्य, मग ते कारण आजारपण असो की मारबत, कारण गाळायची टेस्ट तीच. दुसऱ्यांदा कोणी खरंच आजारी पडलं तर फेरटेस्ट घेते. चौकट रिकामी सोडायची नाही, कारण रिकामी चौकटही मोजली जात नाही. मुलाच्या वडिलांना मी स्वतः फोन करून सुधारलेला आकडा सांगितला, त्यांनी समजून घेतलं.

टेस्ट वेगवेगळ्या मार्कांच्या असतील तर मात्र हे सूत्र तसंच्या तसं वापरू नका. समजा ८० पैकी ६४, ८० पैकी २८ आणि १० पैकी ३ मिळाले. टक्क्यांत सर्वांत कमी १० पैकी ३ च. ती गाळून एकूण मार्कांवर टक्के काढले तर ९२ भागिले १६० म्हणजे ५७.५ टक्के. त्याऐवजी २८ वाली गाळली तर ६७ भागिले ९०, म्हणजे ७४ च्या वर. कोणती टेस्ट गाळायची यावर इतका फरक पडतो. म्हणूनच मी सगळ्या टेस्ट २५ च्या ठेवल्या.

फाइलची लिंक पालकांना देत नाही, एकाच्या पालकाला बाकीच्यांचेही मार्क दिसतील. त्या त्या पोराच्या ओळीचा स्क्रीनशॉट पाठवते.

ट्यूशन घेणाऱ्या, वर्ग सांभाळणाऱ्या कोणालाही मी हे बिनदिक्कत सुचवेन. सूत्र टाकल्यावर पहिल्या ओळीत १९, २२, ७, २१, १८, २३ भरून पाहा. २०.६ आलं की बरोबर. १०८.६ आलं तर वजाबाकीचा कंस राहिला, १६.१७ आलं तर 'काउंट'चा.