अडीच लाखांवर सही करायची, की पूर्ण दावा लढायचा?

रस्ते अपघातानंतर पायात सळई घालून माणूस अजून वॉर्डातच असतो आणि विमा कंपनीचा प्रस्ताव येतो: मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 खाली अडीच लाख, इथे सही करा. घरातली शिल्लक औषधांत गेलेली असते, त्यामुळे पेन हातात घ्यायला वेळ लागत नाही. त्या सहीने काय मिळतं आणि काय जातं, ते आधी कळायला हवं.

या कायद्यातले भरपाईचे नवे नियम 1 एप्रिल 2022 पासून लागू झाले. कलम 164 मध्ये चूक कोणाची हे सिद्ध करावं लागत नाही. मृत्यूसाठी पाच लाख, गंभीर दुखापतीसाठी अडीच लाख, आकडा ठरलेला. कलम 166 मध्ये समोरच्या चालकाची हयगय दाखवावी लागते, पण भरपाई तुमच्या खऱ्या नुकसानीइतकी मागता येते, तिला वरची मर्यादा नाही.

आणि तडजोडीने 164 ची रक्कम स्वीकारली, की 166 चा दावा संपुष्टात येतो. इथेच लोक फसतात. पूर्वी कलम 140 खाली थोडी रक्कम आधी मिळायची आणि मुख्य दावा पुढे चालू राहायचा. ‘आत्ता हे घे, बाकीचं नंतर बघू’ असं सांगणारे काका-मामा त्या जुन्या हिशोबाने बोलतात. ते कलम आता राहिलेलं नाही.

फरक केवढा पडतो ते एका उदाहरणावर बघू. समजा वय 34, गवंडीकाम, महिना 20,000 रुपये. पायाला कायमचं अपंगत्व आलं आणि त्यामुळे कमाईची ताकद 25 टक्क्यांनी घटली असं न्यायाधिकरणाने (अपघाताचे दावे ऐकणाऱ्या न्यायालयाने) धरलं. वर्षाची कमाई 2,40,000. स्वतःचा धंदा आणि वय चाळिशीच्या आत, म्हणून पुढच्या वाढीचे 40 टक्के मिळवले: 3,36,000. या वयाचा गुणक (वर्षाच्या कमाईला वयानुसार जितक्याने गुणतात तो ठरलेला आकडा) 16, म्हणजे 53,76,000, आणि त्याचे 25 टक्के 13,44,000. उपचाराचा खर्च, बुडालेली मजुरी आणि वेदनांची भरपाई यात अजून धरलेलीच नाही.

यातला 25 हा आकडा सगळ्यात महत्त्वाचा, आणि तो डिसॅबिलिटी सर्टिफिकेटवरून जसाच्या तसा उचलला जात नाही. 2010 मध्ये राजकुमार विरुद्ध अजयकुमार या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की अवयवाचं अपंगत्व वेगळं आणि कमाईवर होणारा परिणाम वेगळा. तोच पाय टेबलावर काम करणाऱ्या कारकुनाचा असेल तर टक्का खाली येईल, परातीत माल घेऊन शिडी चढणाऱ्याचा असेल तर वर जाईल. म्हणून जखम पुरती भरून डॉक्टरांनी अपंगत्व ठरवेपर्यंत कुठलीही तडजोड करू नये, असं माझं ठाम मत आहे.

166 चा अवघड भाग म्हणजे हयगय सिद्ध करणं. मात्र इथे फौजदारी खटल्याइतका कडक पुरावा लागत नाही. कोणाची बाजू जास्त संभवते ते पाहिलं जातं. एफआयआर, घटनास्थळाचा पंचनामा आणि नकाशा, प्रत्यक्षदर्शी, यांवर बरंच ठरतं. तुमचीही थोडी चूक निघाली तर तेवढा हिस्सा कापला जातो. वरच्या उदाहरणात 20 टक्के सहदोष धरला तर 2,68,800 रुपये जातात आणि 10,75,200 उरतात, म्हणजे तरीही अडीच लाखांच्या चौपटीहून जास्त. एक भीती विनाकारण घातली जाते: ‘दुचाकीवर तिघे होतात, आता काही मिळणार नाही.’ तिघे बसणं नियमाविरुद्ध आहेच, पण त्यामुळेच अपघात घडला हे दाखवल्याशिवाय तेवढ्यावरून सहदोष धरता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये म्हटलं आहे.

मग 164 कोणी घ्यावं? चूक मुख्यतः तुमचीच होती, साक्षीदार नाही, पंचनामा तुमच्या विरोधात आहे, तर घ्यावं. हाड मोडलं पण नीट जुळलं, कामावर परत गेलात, मागे काही उरलं नाही, तरी घ्यावं. अशा दुखापतीत 166 खालीही फार मोठी रक्कम होत नाही आणि वर्षं मात्र जातात. फक्त स्वतःच्या गाडीवरून एकट्यानेच घसरून पडला असाल तर या वाटेवर विसंबू नका, आधी पॉलिसीतलं मालक-चालकाचं वैयक्तिक अपघात संरक्षण तपासा. धडक देणारी गाडी सापडलीच नाही तर गंभीर दुखापतीला 50,000 आणि मृत्यूला दोन लाख अशी वेगळी योजना आहे, त्यासाठी प्रांत किंवा तहसीलदार कार्यालयात अर्ज करावा लागतो.

कायद्यात 166 च्या अर्जाला अपघातापासून सहा महिन्यांची मुदत दिली आहे. अपघात परजिल्ह्यात झाला असला तरी तुम्ही राहता तिथल्या न्यायाधिकरणात दावा लावता येतो. डिस्चार्ज कार्ड, एक्स-रे, औषधांची प्रत्येक पावती आणि मजुरीची वही पहिल्या दिवसापासून एका पिशवीत ठेवा.