अमेरिकन विनोदाची समीक्षा: आधी रोर्क वाचावी की ब्लेअर?

मार्क ट्वेनची ‘हकलबरी फिन’ ही कादंबरी वाचून झालीय, त्याची उडी मारणाऱ्या बेडकाची गोष्ट वाचून झालीय, आणि हा विनोद ट्वेनकडे आला तरी कुठून हे आता समजून घ्यायचंय, अशा वाचकासाठी हे लिहितोय. या विषयावर आता बरंच लिहिलं गेलंय, पण सुरुवातीला हातात घ्यायची पुस्तकं मुळात दोनच. कॉन्स्टन्स रोर्क यांचं ‘अमेरिकन ह्यूमर’ (1931) आणि वॉल्टर ब्लेअर यांचं ‘नेटिव्ह अमेरिकन ह्यूमर’ (1937). तिसरं आहे केनेथ लिन यांचं ‘मार्क ट्वेन अँड साउथवेस्टर्न ह्यूमर’ (1959). तेच साहित्य घेऊन ते वेगळाच प्रश्न विचारतं. तिन्ही एकदम वाचायला वेळ कुणालाच नसतो, त्यामुळे क्रम ठरवावा लागतो.

एक गैरसमज आधी दूर करतो. ब्लेअर यांच्या शीर्षकातला ‘नेटिव्ह’ म्हणजे अमेरिकेतले आदिवासी नव्हेत. युरोपातून उसना न आणलेला, तिथल्याच मातीत उगवलेला विनोद, एवढाच त्याचा अर्थ. आदिवासी समाजांचा विनोद शोधत या पुस्तकाकडे गेलात तर निराशा होईल.

ही पुस्तकं तीसच्या दशकातच का आली, हे कळलं की दोघांचा सूरही कळतो. व्हॅन विक ब्रुक्स या समीक्षकाने 1918 मध्ये तक्रार केली होती की अमेरिकन लेखकाला उपयोगी पडेल असा भूतकाळच त्याच्यापाशी नाही. 1920 मध्ये त्याने ट्वेनवर पुस्तक लिहिलं. त्यातला आरोप जबर होता: ट्वेनमधला मोठा कलावंत खुरटला, आणि विनोद ही त्याने परिस्थितीशी केलेली तडजोड होती. विनोद म्हणजे पराभवाची खूण, असं एकदा म्हटलं की त्याची समीक्षा करायचं कारणच उरत नाही. रोर्क यांनी ब्रुक्सशी थेट भांडण न मांडता सरळ तो भूतकाळ दाखवायलाच घेतला. ब्लेअर यांनी त्याचे पुरावे गोळा केले.

रोर्क यांचं पुस्तक उघडतं ते एखाद्या कादंबरीसारखं. अठराव्या शतकाच्या अखेरीस, उन्हाळ्यातल्या एका संध्याकाळी, कॅरोलायनातल्या सुपीक खोऱ्यात लाल मातीच्या उतारावरून एक वाटसरू खाली येतो. तो यांकी, म्हणजे ईशान्य अमेरिकेतला, फेरीवाला. त्याच्यामागून येतो रानातला बढाईखोर गडी, आणि मग मिन्स्ट्रेल नावाच्या नाचगाण्याच्या खेळातला काळा रंग फासलेला गोरा नट. या तिघांच्या सोंगांतून अमेरिकन माणसाने स्वतःची ओळख घडवली, हे रोर्क यांचं म्हणणं. ‘सोंग’ हा शब्द मी मुद्दाम वापरतोय. त्यांचं लक्ष छापील गोष्टीपेक्षा रंगमंचाकडे, फिरत्या नाटकमंडळ्यांकडे, धर्मप्रचारकांच्या गर्दीकडे अधिक आहे. आणि इथे न थांबता त्या इमर्सन, हॉथॉर्न, मेल्व्हिल, व्हिटमन, अगदी हेन्री जेम्सपर्यंत जातात. जेम्सच्या ‘द अमेरिकन’मधला ख्रिस्तोफर न्यूमन, पॅरिसच्या खानदानी घरात शिरू पाहणारा तो श्रीमंत माणूस, जुन्या रंगभूमीवरच्या यांकीचा नातेवाईक आहे, हे त्या दाखवतात तेव्हा वाचता वाचता थांबावं लागतं. बाजारातला विनोद आणि उच्च साहित्य यांची एकच वंशावळ मांडायचं धाडस त्यांच्या आधी इतक्या ताकदीने कुणी केलं नव्हतं.

ब्लेअर यांच्याकडे असं नाट्य नाही. ते शिकागो विद्यापीठातले प्राध्यापक, आणि पुस्तकाची बांधणीही तशीच: आधी दीर्घ प्रस्तावना, मग भरपूर वेचे. ईशान्येकडच्या न्यू इंग्लंडमधला विनोद, जुन्या नैर्ऋत्येकडचा म्हणजे जॉर्जिया, अलाबामा, टेनेसी, आर्कन्सा भागातला विनोद, 1855 नंतरचे वृत्तपत्री विनोदकार, स्थानिक रंगाच्या, म्हणजे एकेका प्रदेशाची बोली आणि चालीरीती टिपणाऱ्या कथा, आणि शेवटी ट्वेन. रोर्क ज्या कथेचा एका वाक्यात उल्लेख करून पुढे जातात, ती इथे प्रत्यक्ष वाचायला मिळते. माझ्या मते सगळा निर्णय या एका गोष्टीवर फिरतो.

थॉमस बँग्स थॉर्पची ‘द बिग बेअर ऑफ आर्कन्सा’ ही कथा घ्या. 1841 मध्ये न्यूयॉर्कच्या ‘स्पिरिट ऑफ द टाइम्स’ या साप्ताहिकात ती आली. घोड्यांच्या शर्यती, शिकार आणि रंगभूमीच्या बातम्या देणारं हे पत्र, पण विल्यम पोर्टर या संपादकाने दक्षिणेतल्या वकिलांकडून, डॉक्टरांकडून, शेतमालकांकडून गोष्टी मागवून त्याला या विनोदाचं घर बनवलं होतं. कथेत न्यू ऑर्लिन्सहून निघालेल्या आगबोटीवर एक सुशिक्षित निवेदक बसलाय. तिथे जिम डॉगेट नावाचा आर्कन्साचा शिकारी येतो आणि एका अस्वलाची लोणकढी थाप ठोकायला लागतो. थाप वाढत वाढत अशी जागा गाठते की हसू बाजूला राहतं: ते अस्वल मारता येण्यासारखं नव्हतंच, त्याची वेळ भरली म्हणून ते मेलं, असं डॉगेट म्हणतो आणि गप्प होतो.

या कथेत गोष्टीच्या आत गोष्ट आहे, पेटीत पेटी ठेवावी तशी. ही रचना ब्लेअर यांनी फार बारकाईने उलगडली. बाहेरच्या निवेदकाची व्याकरणशुद्ध भाषा आणि आतल्या माणसाची बोली यांच्यातली विसंगती. गोष्ट सांगितली जातेय ती निवांत जागा आणि गोष्टीतला थरार यांच्यातली विसंगती. आणि बारीकसारीक वास्तव तपशील व अचाट कल्पना यांच्यातली विसंगती. हसू येतं ते या तीन फटींतून. हे वाचल्यावर त्या काळातली कुठलीही कथा हातात घ्या, तिची शिवण दिसू लागते. प्रमाण भाषेच्या चौकटीत गावची बोली बसवणाऱ्या कथा मराठीत वाचलेल्यांना हे ब्लेअर यांच्याकडून लगेच उचलता येईल.

लिन मात्र विचारतात की ती चौकट हवी होती कुणाला? त्यांचं उत्तर राजकीय आहे. यातले बरेच लेखक व्हिग पक्षाच्या, म्हणजे राष्ट्राध्यक्ष अँड्र्यू जॅक्सनच्या विरोधकांच्या, विचारांचे, मालमत्ता असलेले, जॅक्सनच्या काळातल्या झुंडीला बिचकणारे. 1835 मध्ये ‘जॉर्जिया सीन्स’ लिहिणारा लाँगस्ट्रीट तर न्यायाधीशच होता. त्यांच्या कथेत बाहेर उभा असतो तो संयमी सद्गृहस्थ, आणि आतल्या दांडगाईचा शिंतोडा त्याच्यावर उडू नये म्हणून मध्ये भाषेचं कुंपण. ‘हकलबरी फिन’मध्ये ट्वेनने ते कुंपणच काढून टाकलं. सद्गृहस्थ गेला, आणि सगळं पुस्तक एका अडाणी पोराच्या तोंडून आलं. हे पटलं की त्या कादंबरीचं पहिलं वाक्यच वेगळं ऐकू येतं.

तिघांची कसोटी एकाच गोष्टीवर लावून बघू. 18 नोव्हेंबर 1865 रोजी न्यूयॉर्कच्या ‘सॅटर्डे प्रेस’मध्ये ट्वेनची उडी मारणाऱ्या बेडकाची गोष्ट छापून आली. निवेदक कॅलिफोर्नियातल्या एका खाणवस्तीत लिओनिडास स्मायली नावाच्या पाद्र्याची चौकशी करायला जातो. सायमन व्हीलर नावाचा म्हातारा त्याला कोपऱ्यात अडवून, चेहऱ्यावरची रेषही न हलवता, भलत्याच जिम स्मायलीच्या पैजा ऐकवत सुटतो. रोर्क यांची नजर घेऊन वाचलं तर महत्त्वाचा ठरतो तो व्हीलरचा कोरा चेहरा, म्हणजे यांकीच्या मुखवट्याचा पुढचा अवतार. ब्लेअर यांची नजर घेतली तर चौकट आणि दोन भाषा दिसतात. लिन यांच्याकडून पाहिलं तर पारडं उलटलेलं दिसतं: आता फजिती होतेय ती सद्गृहस्थाची, आणि अडाणी वाटणारा माणूस त्याला खेळवतोय. स्मायलीच्या कुत्र्याचं नाव अँड्र्यू जॅक्सन आणि बेडकाचं डॅनियल वेबस्टर, म्हणजे एक डेमोक्रॅट अध्यक्ष आणि एक व्हिग पुढारी, हे लक्षात घेतलं की लिन यांची वाट ओढूनताणून काढलेली वाटत नाही.

या कसोटीवर मला सर्वांत जास्त लिन देतात. तरीही पहिलं पुस्तक म्हणून त्यांची शिफारस करणार नाही, कारण त्यांचा युक्तिवाद तपासायला मूळ कथा वाचलेल्या असाव्या लागतात. नाहीतर त्यांचं म्हणणं आपण नुसतं मान्य करत जातो. रोर्क यांच्याबाबत माझं हेच झालं होतं. मी सुरुवात त्यांच्यापासून केली. भाषा इतकी ओघवती की शंभर पानं कशी गेली कळलं नाही, आणि पानापानावर पुरावा देणाऱ्या तळटिपा नसल्याने कुठे थांबून शंका घ्यावी हेही कळलं नाही. ब्लेअर यांचे वेचे वाचून परत गेलो तेव्हा कुठे त्या किती अचूक आहेत आणि कुठे वाहवत गेल्या आहेत हे दिसलं.

वाहवत जाण्याची सर्वांत गंभीर जागा म्हणजे मिन्स्ट्रेल खेळांचं प्रकरण. जळालेल्या बुचाची काजळी तोंडाला फासून गोरे नट काळ्या माणसाची नक्कल करत. 1843 मध्ये व्हर्जिनिया मिन्स्ट्रेल्स ही मंडळी न्यूयॉर्कमध्ये उभी राहिली आणि पुढची कित्येक दशकं हा प्रकार देशभर चालला. रोर्क यांना त्या गाण्यांत आणि प्राणिकथांत काळ्या लोकांची खरी परंपरा ऐकू येते. ती अजिबात नव्हती असं म्हणता येणार नाही. पण त्या नकलेतली क्रूरता त्यांच्या पुस्तकात फार फिकी होते. राल्फ एलिसन या काळ्या अमेरिकन कादंबरीकाराने 1958 च्या ‘चेंज द जोक अँड स्लिप द योक’ या निबंधात हा मुखवटा गोऱ्या अमेरिकेच्या मनाबद्दल काय सांगतो ते लिहिलं. रोर्क यांचं ते प्रकरण त्या निबंधाशिवाय वाचू नये, इतकं ठामपणे मी सांगेन. काळ्या अमेरिकनांचा स्वतःचा विनोद हवा असेल तर मेल वॉटकिन्स यांचं ‘ऑन द रिअल साइड’ (1994) शोधा. स्त्रियांनाही या तिन्ही पुस्तकांत जागा फार थोडी आहे. केट सॅनबर्नने 1885 मध्येच ‘द विट ऑफ विमेन’ हा संग्रह काढलेला असताना पुढच्या समीक्षेने तो धागा उचलला नाही, याचं मला वाईट वाटतं. ती भरपाई नॅन्सी वॉकर यांनी ‘अ व्हेरी सीरियस थिंग’मध्ये (1988) केली.

ब्लेअर यांच्या वाटेतली अडचण वेगळी आहे: वेच्यांची भाषा. उच्चाराप्रमाणे मोडलेलं स्पेलिंग, आणि जॉर्ज वॉशिंग्टन हॅरिसच्या सट लव्हिंगुड या पात्राची बोली तर इंग्रजी मायबोली असणाऱ्यांनाही जड जाते. यावर उपाय मोठ्याने वाचणं. डोळ्यांना अडखळवणारा शब्द कानाला ओळखू येतो. ट्वेनने 1895 च्या ‘हाउ टू टेल अ स्टोरी’ या निबंधात म्हटलं होतं की अमेरिकन विनोदी गोष्टीचं सगळं बळ सांगण्याच्या तऱ्हेत असतं, आणि सांगणाऱ्याने गंभीर राहायचं असतं. पुढच्याच वर्षी, जानेवारी 1896 मध्ये, तो व्याख्यानदौऱ्यावर मुंबईत आला आणि नॉव्हेल्टी थिएटरात मुंबईकरांनी ही तऱ्हा समोर बसून ऐकली. कथाकथनाला गर्दी करणाऱ्या आपल्या वाचकाला हा विनोद कानाने वाचणं अवघड जाऊ नये.

वृत्तपत्री विनोदकारांचा भाग मात्र मोठ्याने वाचूनही आज फारसा हसवत नाही. त्यांच्यातल्या आर्टेमस वॉर्डचा एक मजकूर राष्ट्राध्यक्ष लिंकनने 22 सप्टेंबर 1862 रोजी, गुलामांच्या मुक्तीचा जाहीरनामा मांडण्याआधी, मंत्रिमंडळाला वाचून दाखवला होता. आज तोच मजकूर वाचताना मंत्र्यांना काय वाटलं असेल याचाच विचार मनात येतो. ब्लेअर यांच्या प्रस्तावनेतली त्याबद्दलची पानं वाचा, वेचे चाळले तरी चालतील.

तेव्हा माझा कौल ब्लेअर आधी, मग रोर्क, मग ‘हकलबरी फिन’ शेजारी ठेवून लिन. अपवाद एकच. तुम्ही व्हिटमन, मेल्व्हिल किंवा जेम्सकडून या विषयाकडे येत असाल तर रोर्कच आधी घ्या, कारण त्या लेखकांना विनोदाशी जोडणारा पूल त्यांच्याचकडे आहे. मिळण्याच्या दृष्टीनेही रोर्क सोप्या आहेत. त्यांचं पुस्तक 2004 मध्ये ग्रील मार्कस यांच्या प्रस्तावनेसह पुन्हा छापलं गेलं. ब्लेअर यांच्यासाठी विद्यापीठाचं ग्रंथालय किंवा जुन्या पुस्तकांची दुकानं धुंडाळावी लागतील. 1960 ची सुधारित आवृत्ती मिळाली तर ती घ्या.

ब्लेअर हाती लागले की पहिल्या पानापासून सुरुवात करू नका. जॉन्सन हूपरचा सायमन सग्ज काढा, 1845 च्या पुस्तकातला अट्टल भामटा, नव्या मुलखात लबाड असणंच बरं म्हणणारा. तो एका उघड्यावरच्या धर्मसभेत जातो, पश्चात्ताप झाल्याचं ढोंग करतो, चर्च उभारायला म्हणून वर्गणी गोळा करतो आणि पैशांवर प्रार्थना करायला दलदलीकडे जातो तो जातोच. लगेच ‘हकलबरी फिन’चं विसावं प्रकरण उघडा. तिथे राजा म्हणवणारा ठक तशाच सभेत सुधारलेला समुद्री चाचा बनतो आणि टोपीत 87 डॉलर 75 सेंट घेऊन बाहेर पडतो. सग्जची गोष्ट सांगणारा सभ्य आहे आणि राजाची सांगणारा हक आहे. दोन्ही उतारे एकाच बैठकीत वाचा, आणि मग प्रस्तावनेकडे वळा.