चीज-भाजी टोस्ट : तवा की गॅसवरचा टोस्टर?

भाची नोकरीसाठी पुण्यात खोली घेऊन राहतेय. तिचा फोन आला, "मावशी, तो दांड्याचा टोस्टर घेऊ का? की तव्यावर भागेल?"

खर्चाचं सोपं आहे. तवा घरात असतोच, टोस्टरला काही शे रुपये. पण शेगडी इंडक्शनची असेल तर ॲल्युमिनियमचा टोस्टर त्यावर तापतच नाही, विषय संपला.

चवीत खरा फरक. टोस्टरमध्ये कडा दाबल्या जातात, सारण आत वाफवतं, ब्रेड दोन्हीकडून खरपूस. तव्यावरचा टोस्ट उघडा: खालची बाजू आधी भाजून उलटायची, मग वर कांदा, सिमला मिरची, किसलेलं चीज आणि मंद आचेवर झाकण. झाकणाला धरलेलं पाणी ब्रेडवर ठिबकतं, म्हणून शेवटचं मिनिटभर ते काढायचं. टोमॅटोच्या बिया दोन्हीकडे काढाच आणि मीठ अगदी शेवटी, नाहीतर लगदा.

साफसफाईत तवा जिंकतो. टोस्टरच्या बिजागरीत जळलेलं चीज मी टूथपिकने कोरलंय!

एकटीला, डब्यात न्यायला टोस्टर. चार मैत्रिणी अचानक टपकल्या तर तवा. एका वेळी तीन-चार टोस्ट निघतात.